मार्क मागू नका, तारीख मागा: रिव्हॅल्युएशन रखडल्यावर काय करायचं

ऑगस्टमधल्या एका पावसाळी दुपारी गडहिंग्लजकडची एक मुलगी आणि तिचे वडील माझ्या वकिलीच्या ऑफिसात आले. मुलगी बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला एका पेपरात चार मार्कांनी राहिली होती. उत्तरपत्रिकेची फोटोकॉपी काढली, तर आतल्या पानावरचं एक अख्खं उत्तर तपासलेलंच नव्हतं. त्यावर बरोबरची खूण नव्हती आणि शून्यही नव्हता. तिनं लगेच रिव्हॅल्युएशनचा फॉर्म भरला, फी भरली. त्याला अडीच महिने झाले होते. एम.एस्सी. प्रवेशाची एक यादी लागून गेली होती, दुसरी तोंडावर होती.

"मॅडम, पोरीचं वर्ष जातंय ओ. सात वेळा विद्यापीठात जाऊन आलोय आम्ही. दर वेळी आठ दिवसांनी या म्हणतात," वडील म्हणाले.

मी विचारलं, या सात फेऱ्यांचं काही कागदावर आहे का? त्यांनी शर्टाच्या खिशातून एसटीची तिकिटं काढून टेबलावर ठेवली. मुलीच्या फाइलमध्ये फी भरल्याची एक पावती आणि फोटोकॉपी, एवढंच होतं.

विद्यापीठ कोणतं ते लिहीत नाही. कोल्हापुरात राहणारी मुलं एकाच विद्यापीठाची नसतात, आणि हा अनुभव कुठेही येऊ शकतो. मला सांगायचंय ते त्या रिकाम्या फाइलबद्दल. कायद्यात या मुलीसाठी बरंच काही आहे. पण त्यातलं जवळजवळ सगळं कागदावर उभं राहतं, आणि मुलं मात्र खिडकीशी तोंडी बोलून परत येतात.

आधी दोन शब्द वेगळे करून घेऊ, कारण फॉर्म भरतानाच इथे गफलत होते. गुणपडताळणी, म्हणजे आपण ज्याला रिचेकिंग म्हणतो, त्यात मार्कांची बेरीज बरोबर आहे का, आतल्या पानांवरचे मार्क पहिल्या पानावर नीट आले का, एखादं उत्तर तपासायचं राहिलं का, एवढंच पाहतात. पुनर्मूल्यांकन म्हणजे रिव्हॅल्युएशन. त्यात दुसरा परीक्षक उत्तरं नव्यानं तपासतो. गडहिंग्लजच्या मुलीची तक्रार खरं तर पहिल्या प्रकारातली होती. न तपासलेलं उत्तर ही मतभेदाची बाब नाही, ती राहून गेलेली गोष्ट आहे. हा फरक पुढे फार उपयोगी पडतो, म्हणून लक्षात ठेवा.

आता मुख्य मुद्दा. कोर्टात जाऊन मार्क वाढवून मिळतील, अशी आशा धरून येणारे पालक मला दरवर्षी भेटतात. त्यांना मी पहिल्यांदा परितोष शेठ खटल्याबद्दल सांगते. हा खटला आपल्याच महाराष्ट्राच्या माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाचा. मंडळाच्या नियमांत पुनर्मूल्यांकनाची सोय नव्हती. मुंबई उच्च न्यायालयानं विद्यार्थ्यांच्या बाजूनं निकाल दिला होता, पण १९८४ साली सर्वोच्च न्यायालयानं तो फिरवला. नियमात तरतूद नसेल, तर पुनर्मूल्यांकन हा विद्यार्थ्याचा हक्क ठरत नाही, असं त्यात ठरलं. पुढे २०१७ च्या डिसेंबरमध्ये रण विजय सिंह खटल्यात याच न्यायालयानं आणखी स्पष्ट केलं, की न्यायाधीशांनी उत्तरपत्रिका तपासायला बसू नये, ते त्यांचं क्षेत्र नाही. विद्यार्थ्याबद्दल वाटणारी सहानुभूतीसुद्धा त्याला पुरेसं कारण नाही.

हे ऐकून पालकांचा चेहरा पडतो. पण नीट बघा, हे सगळे निकाल मार्कांबद्दल आहेत, वेळेबद्दल नाहीत. ज्या विद्यापीठाच्या नियमात पुनर्मूल्यांकन आहे, ज्यानं त्यासाठी परिपत्रक काढलं, तुमच्याकडून फी घेतली, त्या विद्यापीठावर ते काम करण्याचं बंधन आलं. काम कसं करायचं, किती मार्क द्यायचे, हे परीक्षक ठरवेल. काम करायचंच नाही, नुसतं ठेवून द्यायचं, ही मुभा कोणालाच नाही. उच्च न्यायालयाला संविधानाच्या कलम २२६ खाली सार्वजनिक संस्थेला "तुझं कर्तव्य अमुक दिवसांत पार पाड" असा आदेश देता येतो. वकील त्याला मॅन्डमस म्हणतात, मराठीत परमादेश. म्हणून मी मुलांना सांगते, अर्जात मार्क मागू नका, तारीख मागा. मार्क मागितले की कोर्टाचा हात आखडतो. तारीख मागितली की विद्यापीठालाच उत्तर द्यावं लागतं.

तारीख मागायची ती कशाच्या आधारावर? महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ हा आपल्या शिवाजी विद्यापीठाला, तसंच मुंबई, पुणे, सोलापूर वगैरे विद्यापीठांना लागू आहे. त्याच्या कलम ८९ मध्ये निकालाची मुदत लिहिलेली आहे. परीक्षेच्या शेवटच्या दिवसापासून ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांत लावायचा. ते जमलं नाही, तर उशिराची कारणं देणारा सविस्तर अहवाल राज्य सरकारमार्फत कुलपतींना, म्हणजे राज्यपालांना, पाठवायचा; त्यावर कुलपती जे निर्देश देतील ते विद्यापीठावर बंधनकारक. हे कलम कागदापुरतं नाही, हे २०१७ साली दिसलं. मुंबई विद्यापीठानं संगणकावर पेपर तपासायला घेतले आणि निकाल कमालीचे रखडले. कुलपतींनी ३१ जुलैची मुदत घालून दिली, तीही हुकली, आणि त्या ऑक्टोबरमध्ये कुलगुरूंना पदावरून दूर करण्यात आलं.

मात्र कलम ८९ परीक्षेच्या निकालाबद्दल बोलतं, पुनर्मूल्यांकनाचं नाव घेत नाही. त्यामुळे "४५ दिवस झाले, कायदा मोडला" असं रिव्हॅल्युएशनच्या अर्जात ठोकून लिहू नका. समोरचा वकील पहिल्याच वाक्यात ते खोडेल. रिव्हॅल्युएशनची मुदत शोधायची ती विद्यापीठाच्या अध्यादेशात किंवा परीक्षा विभागाच्या परिपत्रकात. फॉर्म भरायला तुम्हाला जी मुदत होती, ती त्याच परिपत्रकात असते. निकाल कधीपर्यंत देणार हे तिथे लिहिलं असेल, तर तेच तुमचं सर्वात भक्कम वाक्य. लिहिलं नसेल, तर कायद्याचं जुनं तत्त्व आहे की मुदत लिहिलेली नसली तरी काम वाजवी वेळेत करायलाच हवं. आणि जो कायदा मूळ निकालाला जास्तीत जास्त ४५ दिवस देतो, तिथे एका पेपरच्या फेरतपासणीला त्याहून जास्त वेळ वाजवी कसा, असा युक्तिवाद करता येतो. कलम ८९ चा उपयोग असा करायचा.

इंजिनिअरिंग आणि मेडिकलच्या मुलांनी इथे थोडं थांबावं. कोल्हापुरातली कॉलेजं असली, तरी लोणेऱ्याच्या डॉ. बाबासाहेब आंबेडकर तंत्रशास्त्र विद्यापीठाचा आणि नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाचा कायदा वेगळा आहे. २०१६ चा अधिनियम त्यांना लागू नाही. मार्कलिस्टवर कोणत्या विद्यापीठाचं नाव आहे ते पाहून मगच कलम लिहा.

पहिलं पत्र

कोर्टात मॅन्डमस मागताना न्यायाधीश सहसा एक प्रश्न विचारतात: तुम्ही आधी विद्यापीठाकडे लेखी मागणी केली होती का? ती केलेली नसेल, तर याचिका तिथेच लंगडी पडते. त्यामुळे खिडकीवरची पहिली फेरी मारली, त्याच दिवशी पत्र द्यायचं. परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांच्या नावे, प्रत कुलसचिवांना आणि कॉलेजच्या प्राचार्यांना. दोन प्रती न्यायच्या आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, सही-शिक्का घ्यायचा. कोणी पोच द्यायला टाळाटाळ केली, तर वाद घालू नका. जवळचं पोस्ट ऑफिस गाठा, स्पीड पोस्टनं पाठवा, पावती जपून ठेवा, आणि तेच पत्र विद्यापीठाच्या अधिकृत ईमेलवरही टाका.

पत्र लांबलचक नको. त्या मुलीच्या पत्रात मी एवढंच लिहिलं होतं:

"मी अमुक परीक्षेच्या अमुक विषयाच्या पुनर्मूल्यांकनासाठी अमुक तारखेला अर्ज केला असून त्याच दिवशी फी भरली आहे. पावती सोबत जोडली आहे. छायांकित प्रतीत प्रश्न क्रमांक अमुकचे उत्तर तपासलेले नाही, असे दिसते. त्या पानाची प्रत जोडली आहे. अर्जास आज ७६ दिवस झाले, निकाल मिळालेला नाही. माझ्या पुढील प्रवेशाची अंतिम तारीख अमुक आहे. कृपया सात दिवसांत निकाल द्यावा किंवा निकाल कोणत्या तारखेपर्यंत देणार ते लेखी कळवावे. तसेच हे प्रकरण निकाली निघेपर्यंत माझी मूळ उत्तरपत्रिका नष्ट करू नये."

शेवटची ओळ विसरू नका. उत्तरपत्रिका ठरावीक काळानंतर रद्दीत जातात, आणि एकदा गेली की जगातलं कोणतंच कोर्ट ती परत आणू शकत नाही.

या मुलीचा निकाल पत्रानंतर काही दिवसांनी आला. पत्रामुळे आला की तसाही येणारच होता, हे मला सांगता येणार नाही. पण नसता आला, तर पुढच्या प्रत्येक पायरीचा पाया आमच्या हातात होता.

कोल्हापूर हे मोर्चांचं गाव आहे. विद्यार्थी संघटना निवेदनं घेऊन जातात, निकाल हलतात, हे मी पाहिलंय आणि त्याचं मोल मला मान्य आहे. फक्त संघटनेच्या निवेदनावर तुमचा सीट नंबर नसतो. मोर्चात जरूर जा, पण जाताना स्वतःचं पत्रही आवक खिडकीवर देऊन या.

समिती आणि लोकपाल

विद्यापीठ अनुदान आयोगानं एप्रिल २०२३ मध्ये विद्यार्थ्यांच्या तक्रार निवारणाचे विनियम आणले. प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती हवी, आणि तिच्यावर अपिलासाठी विद्यापीठानं लोकपाल नेमायचा. लोकपाल म्हणजे निवृत्त कुलगुरू, अनुभवी निवृत्त प्राध्यापक किंवा माजी जिल्हा न्यायाधीश. शैक्षणिक वेळापत्रकापेक्षा निकाल उशिरा लागणं ही विनियमांत तक्रार म्हणून नावानिशी दिलेली आहे. समितीनं तक्रार आल्यापासून १५ कामकाजाच्या दिवसांत शिफारशींसह अहवाल द्यायचा. तो पटला नाही, तर १५ दिवसांत लोकपालांकडे अपील करायचं, आणि लोकपालांनी ३० दिवसांत ते निकाली काढायचं.

लोकपालांकडे जाताना एक अट माहीत असू द्या. "माझे मार्क वाढवा", "पेपर पुन्हा तपासा" असा अर्ज लोकपाल घेत नाहीत. निकालावर खरोखर परिणाम करणारी ठळक अनियमितता किंवा भेदभाव दाखवला तरच घेतात. म्हणून तर मघाशी तो फरक लक्षात ठेवायला सांगितला. "मला कमी मार्क दिले" ही अनियमितता नव्हे. "पान अकरावरचं उत्तर तपासलंच नाही, ही बघा प्रत" ही अनियमितता.

वाईट बाजू अशी की हे सगळं वेळेत झालं तरी दोन महिने जातात. प्रवेशाची तारीख पंधरा दिवसांवर असेल, तर हा रस्ता एकटा पुरणार नाही. तरीही तक्रार दाखल करून ठेवा. उच्च न्यायालय "आधी तिकडे का गेला नाहीत" असं विचारू शकतं, आणि तेव्हा तक्रार क्रमांक हातात असलेला बरा. दुसरा उपाय उपलब्ध आहे म्हणून याचिका ऐकायचीच नाही, असं उच्च न्यायालयावर बंधन नाही. तो त्यांनी स्वतःला घालून घेतलेला संयम आहे, आणि निकड दाखवली तर तो बाजूला ठेवता येतो.

दहा रुपयांचा अर्ज

माहितीचा अधिकार हा माझ्या मते या सगळ्यातला सर्वात स्वस्त आणि सर्वात कमी वापरलेला उपाय. जोडपत्र 'अ' चा नमुना, त्यावर दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, विषय एकच, आणि महाराष्ट्राच्या नियमानुसार मजकूर १५० शब्दांच्या आत. दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबाला फी नाही.

परीक्षार्थीला स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा आणि तिची प्रत घेण्याचा हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयानं आदित्य बंदोपाध्याय खटल्यात ऑगस्ट २०११ मध्ये ठरवलं. विद्यापीठाची स्वतःची फोटोकॉपी योजना असली, तरी हा हक्क संपत नाही. माहिती अधिकारात प्रतीचा दर पानाला दोन रुपये आहे. पण तोच निकाल असंही सांगतो, की उत्तरपत्रिका जपून ठेवायचा काळ संपेपर्यंतच हा हक्क चालतो. उशीर केला तर हातात काही राहत नाही.

उशिराच्या प्रकरणात मात्र उत्तरपत्रिकेपेक्षा तारखा विचारा. माझा अर्ज परीक्षा विभागात कोणत्या तारखेला आला? उत्तरपत्रिका परीक्षकाकडे कधी पाठवली, कधी परत आली? पुनर्मूल्यांकनाच्या निकालाची मुदत ठरवणाऱ्या नियमाची किंवा परिपत्रकाची प्रत द्या. आज माझं प्रकरण कोणत्या पदावरच्या अधिकाऱ्याकडे आहे? "उशीर का झाला?" असं विचारू नका, कारण विचारलं की "ही माहिती अभिलेखात नाही" असं उत्तर येतं. तारीख अभिलेखात असतेच. परीक्षकाचं नावही मागू नका, ते उघड करायचं नाही हे सर्वोच्च न्यायालयानं २०१६ साली केरळ लोकसेवा आयोगाच्या प्रकरणात ठरवलंय. त्यापायी आख्खा अर्ज लटकतो.

उत्तराची मुदत ३० दिवस. आलं नाही तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील, जोडपत्र 'ब', २० रुपयांचा स्टॅम्प. तरीही दाद लागली नाही तर ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे दुसरं अपील. विनाकारण माहिती अडवणाऱ्या अधिकाऱ्याला दिवसाला २५० रुपये, जास्तीत जास्त २५,००० रुपये दंड होऊ शकतो. आयोगापर्यंत पोचायला वेळ लागतो, पण बऱ्याचदा तिथवर जावं लागत नाही. "परीक्षकाकडे कधी पाठवली" या प्रश्नाचं उत्तर लिहायला कोणीतरी कपाट उघडतं, आणि तिथे तुमचा गठ्ठा सापडतो.

याला लागूनच सांगते. राज्यात २०१५ पासून लोकसेवा हक्क अधिनियम आहे. विद्यापीठानं अधिसूचित केलेल्या सेवांच्या यादीत तुम्हाला हवी ती सेवा असेल, तर तिला ठरलेले दिवस असतात, आणि ते उलटले तर अपील करता येतं. यादी पाहा. सेवा असेल तर वापरा, नसेल तर त्यात वेळ घालवू नका.

सीपीआर रुग्णालयासमोरचं दार

या पायरीबद्दल लिहिताना मला बरं वाटतं. आमच्या आधीच्या पिढीतल्या वकिलांनी चार दशकांहून अधिक काळ कोल्हापुरात खंडपीठ मागितलं. तोवर उच्च न्यायालयात दाद मागायची म्हणजे रात्री महालक्ष्मी एक्स्प्रेसमध्ये बसायचं, सकाळी मुंबईत उतरायचं, दिवसभर बोर्ड, म्हणजे त्या दिवसाच्या प्रकरणांची यादी, कुठवर आला ते बघायचं आणि पुढची तारीख घेऊन परतायचं. एका पेपरच्या चार मार्कांसाठी कोण जाणार? मुलं वर्ष सोडून द्यायची. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ, इथे, सीपीआरसमोरच्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत सुरू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याखाली येतात. गडहिंग्लजची मुलगी सकाळच्या एसटीनं येऊन संध्याकाळी घरी जाऊ शकते.

याचिकेत मागण्या नेमक्या असाव्यात. पुनर्मूल्यांकन अमुक दिवसांत पूर्ण करून निकाल द्यावा. तोपर्यंत उत्तरपत्रिका जतन करावी. पुढच्या प्रवेशासाठी अंतरिम दिलासा हवा असेल, तर ज्या कॉलेजात किंवा विभागात प्रवेश घ्यायचाय त्यालाही प्रतिवादी करावं लागतं. जो समोर नाही, त्याला कोर्ट आदेश देत नाही. तात्पुरता प्रवेश मिळेलच असं मी कोणाला सांगत नाही. न्यायालयं त्याबाबत जपून असतात, कारण निकाल उलटा आला तर ती जागाही जाते आणि मुलाचं वर्षही. पण ठरावीक दिवसांत निकाल द्या, ही मागणी समोर नीट कागद असले की नाकारायला अवघड जाते.

याचिकेला ठरावीक मुदत नसते, तरी स्वतः झोपून राहिलेल्याला कोर्ट उभं करत नाही. प्रवेशाची शेवटची यादी लागून गेल्यावर मागायला काही उरतही नाही.

वकिलाच्या फीची भीती वाटत असेल, तर कसबा बावड्यातल्या जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जा. १९८७ च्या कायद्यानुसार अनुसूचित जाती-जमातींतल्या, दिव्यांग आणि महिला अर्जदारांना मोफत वकील मिळतो. त्यांना उत्पन्नाची अट नाही. बाकीच्यांसाठी महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा तीन लाख रुपये आहे. म्हणजे अर्ज मुलीचा असेल, तर वडिलांचा पगार किती हा प्रश्नच येत नाही. हे अनेक वडिलांना मी सांगेपर्यंत माहीत नसतं.

ग्राहक मंचाचं दार मात्र बंद आहे. फी घेतली म्हणजे विद्यार्थी ग्राहक झाला, असं वाटणं स्वाभाविक आहे. पण परीक्षा घेणं, पेपर तपासणं, निकाल लावणं ही ग्राहक कायद्यातली 'सेवा' नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २००९ साली बिहारच्या परीक्षा मंडळाच्या प्रकरणात सांगितलं आणि पुढच्या वर्षी महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणातही तेच धरलं. भरपाईच्या आशेनं तिथे सहा महिने घालवलेली मुलं माझ्याकडे येतात, तेव्हा फार वाईट वाटतं.

वाट बघत असताना

रिव्हॅल्युएशनचा निकाल लागेपर्यंत त्याच विषयाच्या पुढच्या परीक्षेचा फॉर्म भरायची तारीख आली, तर फॉर्म भरा. "भरला तर मी नापास असल्याचं कबूल केल्यासारखं होईल" ही भीती मुलांमध्ये फार आहे. फॉर्मसोबत एक ओळीचं पत्र द्या की पुनर्मूल्यांकनाचा हक्क राखून हा फॉर्म भरत आहे, आणि त्याचीही पोच घ्या. अभ्यासही सोडू नका. निकाल बाजूनं लागला, तर पेपर द्यावा लागणार नाही. विरुद्ध लागला, तर निदान सहा महिने वाचतील.

ज्या ठिकाणी पुढचा प्रवेश हवा आहे, तिथेही आजच कळवा. पुनर्मूल्यांकन प्रलंबित आहे, ही पावती, ही माझी पत्रं. प्रवेश समितीकडे असा कागद आधीच गेलेला असणं आणि यादी लागल्यावर रडत जाणं, यात फरक पडतो.

आणि वकिलाकडे याल तेव्हा मूळ गुणपत्रक, रिव्हॅल्युएशनच्या अर्जाची प्रत, फीची पावती, फोटोकॉपी, परिपत्रक, पोच असलेली सगळी पत्रं आणि प्रवेशाचं वेळापत्रक तारखेच्या क्रमानं लावून आणा. रिव्हॅल्युएशनमध्ये मार्क बदलले, की नवीन गुणपत्रक देताना विद्यापीठ जुनं परत घेतं. ते देण्याआधी त्याच्या दोन झेरॉक्स काढून ठेवा.